इटलीतला स्त्रीवाद वाचायला घेताना: नव्या वाचकांसाठी एक वाट

इटलीतल्या स्त्रीवाद्यांचं पुस्तक पहिल्यांदा हातात घेणारा वाचक बहुतेक वेळा पहिल्या वीस पानांतच वैतागतो. समान वेतन, कायदे, हक्क असं काहीतरी ओळखीचं मिळेल म्हणून उघडावं, तर एक बाई ठणकावून सांगतेय की समानता आम्हाला नकोच. दुसरी म्हणतेय, आधी आईवर प्रेम करायला शिका. तिसरी अडीच हजार वर्षांपूर्वीच्या प्लेटोशी भांडण उकरून काढतेय. आणि या तिघी एकाच परंपरेतल्या मानल्या जातात.

इटालियन येत नाही, तत्त्वज्ञान कॉलेजात घेतलं नव्हतं, पण हे काय प्रकरण आहे ते नीट समजून घ्यायचंय, अशांसाठी हा लेख आहे. माझं म्हणणं एकच: ही पुस्तकं सिद्धान्त म्हणून वाचायला घेऊ नका. यांचा प्रत्येक जड शब्द आधी कुठल्यातरी खोलीत चारचौघींनी करून पाहिलेल्या गोष्टीतून आलाय. ती गोष्ट आधी पाहा, शब्द नंतर. ‘प्रातिका’ हा या बायकांचा लाडका शब्द आहे, म्हणजे करण्याची रीत. रीत कळली की पानं भराभर उलगडतात.

पायरी १: तारखा डोळ्यांखालून घाला

‘समानता नको’ हे वाक्य ऐकून आपल्याला वाटतं, यांना सगळं आधीच मिळालं असणार, म्हणून हे लाड. तसं अजिबात नव्हतं. इटलीतल्या बायकांनी राष्ट्रीय निवडणुकीत पहिलं मत दिलं ते २ जून १९४६ ला. बायकोचा व्यभिचार हा गुन्हा आणि नवऱ्याचा तसाच व्यभिचार गुन्हा नाही, ही तरतूद घटना न्यायालयाने रद्द केली १९६८ मध्ये. घटस्फोटाचा कायदा आला डिसेंबर १९७० मध्ये, आणि तो रद्द व्हावा म्हणून १९७४ च्या मे महिन्यात सार्वमत घेतलं गेलं. जवळजवळ ५९ टक्के लोकांनी कायदा राहू द्या म्हणून सांगितलं. नवरा हा कुटुंबप्रमुख ही कल्पना कायद्यातून गेली १९७५ मध्ये. गर्भपात कायदेशीर झाला १९७८ मध्ये. घराण्याच्या अब्रूसाठी बायको, मुलगी किंवा बहिणीला मारणाऱ्याला कमी शिक्षा देणारं कलम १९८१ पर्यंत जिवंत होतं. आणि बलात्कार हा ‘सार्वजनिक नीतिमत्तेविरुद्ध’चा गुन्हा न राहता व्यक्तीविरुद्धचा गुन्हा ठरला १९९६ मध्ये.

म्हणजे कायद्याची लढाई ऐन भरात असताना काही बायका म्हणत होत्या की कायद्याने मिळणारी समानता हे आमचं ध्येय नाही. घटस्फोट, गर्भपात यांसाठी रस्त्यावर उतरणाऱ्या हजारो बायका त्याच शहरांत होत्या, आणि त्यांच्याशी यांचे वाद झाले. गर्भपाताच्या बाबतीत काही गटांचं म्हणणं होतं की शिक्षेचं कलम काढून टाका आणि थांबा. आमच्या शरीरावर नवा कायदा लिहू नका. हे म्हणणं पटो न पटो, ते कुठल्या धगीत उभं राहिलं ते तारखांवरून कळतं. या तारखा एका कागदावर लिहून पुस्तकात खूण म्हणून ठेवल्या तर पुढे फार उपयोग होतो.

पायरी २: लोन्झीचा जाहीरनामा मोठ्याने वाचा

सुरुवात कार्ला लोन्झीपासून करावी, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. जन्म १९३१, फ्लोरेन्स. मृत्यू १९८२, मिलान. मुळात ती कलासमीक्षक, आणि चांगली नावाजलेली. १९७० मध्ये चित्रकार कार्ला आक्कार्दी आणि पत्रकार एल्व्हिरा बानोत्ती यांच्यासोबत तिने ‘रिव्होल्ता फेम्मिनिले’ हा गट काढला आणि त्याच वर्षीच्या जुलैत त्यांचा जाहीरनामा रोमच्या भिंतींवर चिकटवला गेला. छोटी छोटी वाक्यं, बहुतेक प्रत्येक वाक्य नव्या ओळीवर. सुरुवातीला फ्रेंच लेखिका ओलांप द गूजचा प्रश्न आहे, फ्रेंच राज्यक्रांतीच्या काळातला: बायका कायम एकमेकींपासून विभागलेल्याच राहणार का? आणि शेवट असा की यापुढे आम्ही फक्त बायकांशी बोलणार.

हा मजकूर मनातल्या मनात वाचला तर घोषणांचा ढीग वाटतो. मोठ्याने वाचला तर त्यातला श्वास कळतो. वाचून झाल्यावर त्याच वर्षीची लोन्झीची पुस्तिका घ्या: ‘हेगेलवर थुंकूया’. नाव ऐकून दचकू नका, आत शिवीगाळ नाही, काटेकोर युक्तिवाद आहे. हेगेल हा जर्मन तत्त्वज्ञ. तोच का, असा प्रश्न पडेल. तेव्हाच्या इटलीत डाव्या विचाराच्या तरुण मुली मार्क्स आणि हेगेल यांच्या भाषेतच विचार करत होत्या: मालक आणि गुलाम यांचा संघर्ष होतो, गुलाम जिंकतो, इतिहास पुढे सरकतो. लोन्झी म्हणते, या गोष्टीत बाई कुठे बसते? ती मालकाची जागा घ्यायला निघालेली गुलाम नाहीच. त्या नाटकात तिला भूमिकाच दिलेली नाही, तर ती मिळवण्यासाठी कशाला भांडायचं? क्रांती झाल्यावर तुमचंही बघू, असं डाव्या पक्षांतले साथी सांगत होते. त्यांना हे उत्तर होतं.

समानतेबद्दलचं तिचं गाजलेलं म्हणणं याच पुस्तिकेत आहे. वसाहतीतल्या लोकांना कायद्याच्या पातळीवर जे देऊ केलं जातं त्याला ती समानता म्हणते. देणारा तोच, मापही त्याचंच. इथे बानोत्तीची आठवण ठेवा. तिचा जन्म अस्माराचा, म्हणजे इटलीच्या एरिट्रियातल्या वसाहतीतला. १९६९ मध्ये टीव्हीवरच्या एका कार्यक्रमात प्रसिद्ध पत्रकार इंद्रो मोन्तानेल्ली इथिओपियाच्या युद्धातली आठवण सांगत होते: तिथे बारा वर्षांची मुलगी विकत घेऊन बायको म्हणून ठेवली होती, तिकडे तशी रीतच असते. प्रेक्षकांत बसलेल्या बानोत्तीने त्यांना विचारलं की युरोपात बारा वर्षांच्या मुलीशी असं केलंत तर त्याला काय म्हणाल? वसाहत हा शब्द या गटात अलंकार म्हणून आलेला नव्हता. आपण वसाहतीत जगलेल्या लोकांची नातवंडं. आपल्याला लोन्झीचं हे पान मिलानच्या वाचकापेक्षा लवकर कळायला हरकत नाही.

पायरी ३: ‘भिन्नता’ म्हणजे स्वभाव नव्हे, हे पक्कं करून घ्या

या विचाराला लिंगभिन्नतेचा विचार म्हणतात, आणि बहुतेकांची गाडी इथेच घसरते. भिन्नता म्हटलं की आपल्या डोक्यात लगेच येतं: बायका जात्याच सोशिक, मायाळू, पुरुष कर्तबगार, दोघं मिळून संसार पुरा. हे तर आपल्या आजोबांनाही मान्य होतं, त्यासाठी इटलीपर्यंत जायला नको.

लोन्झी भिन्नतेची व्याख्या करते ती वेगळीच. बाईची भिन्नता म्हणजे इतिहासातली हजारो वर्षांची तिची गैरहजेरी, आणि आता त्या गैरहजेरीचा फायदा उठवूया, असं ती म्हणते. ज्या घरात तुम्हाला कधी बसवलंच नाही, त्या घराच्या चालीरीती पाळायचं बंधनही तुमच्यावर नाही. भिन्नता हे इथे एक मोकळं मैदान आहे. नंतरच्या बायकांनी, विशेषतः तत्त्वज्ञ लुइसा मुरारो आणि वकील लिया चिगारिनी यांनी, हेच पुढे नेलं: बाई असणं म्हणजे काय याचं उत्तर आधी ठरवून ठेवायचा अधिकार कुणालाच नाही, ते उत्तर प्रत्येक बाई दुसऱ्या बाईशी असलेल्या नात्यातून स्वतः काढील.

त्यांनी हे कायम पाळलं का? माझ्या मते नाही. काही पानांवर ‘आई’ हा शब्द इतका भारदस्त होऊन बसतो की मैदानाला कुंपण पडल्यासारखं वाटतं. पण तो आक्षेप नंतर घेऊ.

पायरी ४: टेपरेकॉर्डर आणि ‘स्वतःपासून सुरुवात’

लोन्झीच्या समीक्षक म्हणून असलेल्या शेवटच्या मोठ्या पुस्तकाकडे एकदा पाहून या. १९६९ चं ‘आत्मचित्र’. तिने १४ चित्रकार-शिल्पकारांशी केलेली बोलणी टेपवर घेतली, कापली आणि अशी जोडली की सगळे एकाच मैफलीत बसून बोलताहेत असं वाटावं. त्या चौदांत बाई एकच, आक्कार्दी. समीक्षक वर बसून निकाल देतो ही पद्धत तिला नकोशी झाली होती. तिला ऐकायचं होतं.

त्यानंतर तिने कलासमीक्षा सोडली, पण ऐकण्याची ती सवय बरोबर घेऊन आली. गटात बायका बसत, अध्यक्ष नाही, विषयपत्रिका नाही, तज्ज्ञ नाही. प्रत्येकजण आपल्याबद्दल बोलत असे आणि बाकीच्या ते खरं मानून ऐकत. याला ‘आउतोकोशेन्त्सा’ हे नाव पडलं, म्हणजे आत्मभान. अमेरिकेतल्या गटांमध्येही असंच काही चालत होतं, पण तिथे वैयक्तिक दुःखातून सामायिक मागणी काढण्यावर जास्त भर असे. लोन्झीला मागणीत रस नव्हता. एका बाईचं बोलणं दुसऱ्या बाईने खरं म्हणून स्वीकारलं की तेवढ्यानेच काहीतरी घडतं, असं तिचं मत. १९८० मध्ये तिने आपला जोडीदार, शिल्पकार पिएत्रो कोन्साग्रा, याच्याशी नात्याबद्दलचं चार दिवसांचं बोलणं टेपवर घेऊन जसंच्या तसं छापलं. दोघं शेवटी वेगळं होण्यापाशी येतात. नाव: ‘जा तू’. लग्न, प्रेम आणि कामाची वाटणी यांवर मी वाचलेल्या सर्वांत अस्वस्थ करणाऱ्या पुस्तकांपैकी ते एक आहे. त्यातला कलावंत वाईट माणूस नाही, म्हणून तर जास्तच.

इथून एक नियम निघाला, जो पुढे सगळ्यांनी उचलला: ‘पार्तीरे दा से’, स्वतःपासून सुरुवात करा. वाचताना तुम्हीही हा नियम लावून पाहा. पुस्तकातल्या एखाद्या विधानावर ‘बायकांना असं वाटतं’ असं समासात लिहायचा मोह होईल. तिथे ‘मला’ लिहा आणि वाक्य पुरं करून बघा. बऱ्याचदा वाक्य पुरं होत नाही. तिथेच थांबून विचार करायचा असतो.

फक्त एक खबरदारी: मन मोकळं करणं आणि स्वतःपासून सुरुवात करणं यांत फरक आहे. मन मोकळं करून माणूस हलका होऊन घरी जातो. ‘पार्तीरे’ या क्रियापदात निघणं आहे. स्वतःपासून निघून कुठेतरी पोचायचं असतं.

पायरी ५: पुस्तकांचं दुकान आणि ‘आपण सगळ्या सारख्या नाही’

आता मुख्य पुस्तकाकडे. १५ ऑक्टोबर १९७५ ला मिलानमध्ये, दुओमो चर्चपासून जवळच व्हिया दोगाना या गल्लीत, बायकांचं पुस्तकाचं दुकान उघडलं. पॅरिसमध्ये आदल्याच वर्षी असं दुकान निघालं होतं, तिथून कल्पना आली. स्त्री चित्रकारांनी आपली चित्रं दिली, त्यांचा संच विकून पैसे उभे केले. दुकानात फक्त बायकांनी लिहिलेली पुस्तकं. गल्ल्यावर पाळीपाळीने बसायचं. आत्मभानाच्या गटांमध्ये फक्त बोलणं होत असे. इथे भाडं भरायचं होतं, हिशेब ठेवायचा होता, कुणी काय वाचावं हे ठरवायचं होतं. चिगारिनीसारख्या बायकांना नेमकं हेच हवं होतं, कारण नुसतं बोलण्याचे गट एका जागी गोल फिरू लागले होते. सगळ्याजणी सारख्याच दुःखी, सारख्याच चांगल्या. कुणी वेगळं बोललं की बाकीच्यांना दुखतं.

या दुकानाने १९८७ मध्ये आपला इतिहास स्वतःच लिहून छापला. नावही असं की कुठल्याही हक्कवादी माणसाला ठेच लागावी: ‘आपल्याला हक्क आहेत असं समजू नकोस’. वाक्य फ्रेंच विचारवंत सिमोन वेलचं. इंग्रजीत ते १९९० मध्ये ‘सेक्शुअल डिफरन्स’ या निरुपद्रवी नावाने आलं. या परंपरेचं एकच पुस्तक वाचायचं ठरवलं तर हे वाचा. मात्र पहिल्या पानापासून सरळ वाचत जाऊ नका. प्रस्तावना वाचा, मग वाचनगटाच्या भांडणापाशी जा, मग मागे येऊन १९६६ पासूनचा इतिहास वाचा.

ते भांडण असं. ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला दुकानातल्या काहीजणींनी आवडत्या लेखिका वाचायला घेतल्या: जेन ऑस्टिन, गर्ट्रूड स्टाइन, एल्सा मोरान्ते अशा. त्यांना त्या ‘आपल्या सगळ्यांच्या आया’ म्हणत. वाचता वाचता वाद पेटला. कुणाला एक लेखिका अजिबात सोसेना, कुणाचं मत नेहमीच वरचढ ठरू लागलं, कुणी गप्प बसू लागली. आणि मग एकीने जे सगळ्यांना दिसत होतं ते बोलून टाकलं: आया पुस्तकांत नाहीत, या खोलीतच आहेत, कारण इथे आपण सगळ्या सारख्या नाही. पुस्तक सांगतं की हे ऐकून गट फुटेल असं वाटलं होतं, पण झालं उलटं. सगळ्यांना सुटल्यासारखं वाटलं.

हा प्रसंग समजला की ‘आफ्फिदामेन्तो’ हा सगळ्यांत कुप्रसिद्ध शब्द आपोआप समजतो. एका बाईने दुसऱ्या बाईवर, जिच्याकडे आपल्यापेक्षा जास्त काहीतरी आहे तिच्यावर, भरवसा टाकून तिच्या आधाराने जगात पाऊल टाकायचं. जास्त म्हणजे ज्ञान, धैर्य, अनुभव, काहीही. आपल्याला ती हवीय हे कबूल करायचं, तिचं ऋण मानायचं. ती वरिष्ठ म्हणून हुकूम सोडणार नाही. अधिकार आणि सत्ता यांत या बायका कडक फरक करतात. तुम्ही मानता म्हणून दुसरीला मिळतो तो अधिकार. तुम्ही माना न माना, तुमच्यावर चालते ती सत्ता.

पुस्तकात याची जुनी उदाहरणं आहेत. एक बायबलमधलं, रूथ आणि नामीचं. नवरा मेलेली रूथ माहेरी परत जात नाही. तू जाशील तिथे मी येईन म्हणून नामीसोबत निघते. ही नामी तिची सासू आहे, हे मराठी वाचकाने विसरू नये. दुसरं उदाहरण कवयित्री एच. डी. हिचं. १९२० मध्ये कॉर्फू बेटावरच्या हॉटेलात तिला भिंतीवर प्रकाशाची चित्रं उमटताना दिसू लागली. भीती वाटली, थांबावं की पाहत राहावं? शेजारी मैत्रीण ब्रायर होती. तिला स्वतःला काही दिसत नव्हतं, तरी ती म्हणाली, पुढे पाहा. एच. डी. थकून थांबली तेव्हा शेवटचं चित्र ब्रायरला दिसलं. मला विचाराल तर आफ्फिदामेन्तोची याहून नेमकी व्याख्या नाही: मला दिसत नसलेलं तुला दिसतंय, आणि माझ्या ‘पुढे पाहा’मुळे तू पाहू शकतेस.

या पुस्तकाआधी, १९८३ च्या जानेवारीत, दुकानातल्या बायकांच्या ‘सोत्तोसोप्रा’ या नियतकालिकाचा एक छोटा अंक निघाला होता: ‘पुरुषांपेक्षा जास्त बायका’. नोकरी करणाऱ्या वाचकांनी तो जरूर वाचावा. दारं उघडली, आत आलो, कुणी अडवत नाही, तरी मिटिंगमध्ये तोंड उघडताना काहीतरी अडतं. जिंकायची इच्छा आहे पण ती दाखवायची लाज वाटते. हा अनुभव भेदभावाच्या तक्रारीत मावत नाही, असं त्यांचं निरीक्षण. नुसत्या संधी देऊन ही गाठ सुटत नाही. ज्या बाईकडे पाहून आपली इच्छा मोजता येईल अशी बाई लागते.

पायरी ६: एमिलिया आणि अमालिया

एकाच गोष्टीपाशी रेंगाळायला वेळ असेल, तर इथे रेंगाळा. १९७३ च्या करारात इटलीच्या धातू कामगारांनी पगारी शिक्षणाचे १५० तास मिळवले. प्राथमिकनंतर शाळा सुटलेल्या कामगारांसाठी वर्ग निघाले आणि काही ठिकाणी त्यांत गृहिणी येऊ लागल्या. मिलानच्या आफ्फोरी भागात लेआ मेलांद्री या स्त्रीवादी लेखिकेने अशा बायकांना शिकवलं. मिलानच्या अशाच एका वर्गात एमिलिया आणि अमालिया या दोघी होत्या. एमिलिया आपलं आयुष्य पुन्हा पुन्हा सांगत असे, पण धागा लागत नसे. लिहायला बसली की तुकडे तुकडे. अमालियाला लिहिता येत होतं. ऐकून ऐकून तिला ती कहाणी पाठ झाली होती, म्हणून एके दिवशी तिनेच ती लिहून काढून एमिलियाला दिली. एमिलिया ते कागद हँडबॅगेत ठेवून फिरायची आणि काढून काढून वाचायची. दर वेळी डोळे भरून यायचे.

दुकानाच्या पुस्तकात ही गोष्ट थोडक्यात येते. ती मोठी केली आद्रियाना काव्हारेरोने, १९९७ च्या ‘माझ्याकडे पाहणारी, माझी गोष्ट सांगणारी तू’ या पुस्तकात. काव्हारेरो तत्त्वज्ञानाची प्राध्यापक. राजकीय विचारवंत हाना आरेंटकडून तिने एक भेद घेतला: तुम्ही काय आहात हे तुमच्या ओळखपत्रावर असतं; तुम्ही कोण आहात हे तुमच्या गोष्टीतच कळतं, आणि ती गोष्ट तुम्हाला एकट्याने पुरी सांगता येत नाही. स्वतःचा जन्मच घ्या. तिथे आपण हजर होतो, पण आपल्याला तो दुसऱ्या कुणीतरी सांगावा लागतो. एमिलियाला रडू फुटलं ते आयुष्य दुःखाचं म्हणून नव्हे. ते एक आयुष्य आहे, त्याला आकार आहे, हे तिला दुसरीच्या अक्षरात दिसलं म्हणून.

काव्हारेरोची भाषा स्वच्छ आहे, त्यामुळे तत्त्वज्ञानात शिरायला हीच वाट बरी. तिचं १९९० चं ‘प्लेटो असूनही’ हे पुस्तकही सोबत घ्या. त्यात ती प्लेटोच्या ग्रंथांतून चार बायका चक्क चोरते, तोच शब्द ती वापरते: ओडिसियसची बायको पेनेलोपी, थ्रेसची दासी, डिमीटर देवी आणि सॉक्रेटिसला प्रेमाबद्दल शिकवणारी दिओतीमा. दासीचं प्रकरण आधी वाचा. तारे बघत चालणारा ग्रीक तत्त्वज्ञ थेल्स विहिरीत पडतो आणि एक दासी हसते. प्लेटोला हे हसू अडाण्याचं वाटतं. काव्हारेरो दासीच्या बाजूने उभी राहते आणि विचारते, पायाखालची जमीन विसरायला लावणाऱ्या विचाराला मोठा विचार का म्हणायचं? ज्याला विहिरीतून पाणी भरावं लागत नाही, त्यालाच विहीर दिसत नाही.

पायरी ७: मुरारो सगळ्यात शेवटी

१९८३-८४ च्या सुमारास व्हेरोना विद्यापीठात काही बायकांनी ‘दिओतीमा’ हा तत्त्वज्ञांचा गट सुरू केला. मुरारो, काव्हारेरो, क्यारा झाम्बोनी, वान्दा तोम्मासी त्यात होत्या. १९८७ मध्ये त्यांचं पहिलं सामूहिक पुस्तक आलं. काव्हारेरो पुढे बाहेर पडली. मुरारोचा जन्म व्हिचेन्सा भागातला, १९४० चा; फ्रेंच विचारवंत ल्यूस इरिगारेचं गाजलेलं पुस्तक इटालियनमध्ये तिनेच आणलं.

तिचं ‘आईची प्रतीकव्यवस्था’ १९९१ चं. प्रतीकव्यवस्था म्हणजे जगाला शब्द आणि अर्थ देणारी चौकट. छोटं आहे म्हणून लोक यापासूनच सुरुवात करतात आणि आपटतात. तिचा मुद्दा थोडक्यात असा: आपण बोलायला आईकडून, किंवा आईच्या जागी असलेल्या माणसाकडून शिकलो. शब्द आणि वस्तू यांची सांगड पहिल्यांदा तिच्या साक्षीने बसली. तत्त्वज्ञान हे ऋण पुसून टाकतं आणि जणू विचार स्वतःच्या पायांवर जन्माला आला असं दाखवतं. मुलीचं नुकसान यात जास्त, कारण जिच्याकडून सगळं आलं तिचाच तिरस्कार करत तिला मोठं व्हावं लागतं. म्हणून आईवर प्रेम करता येणं ही भावनेची बाब नाही, विचार करता येण्याची अट आहे.

ज्यांचं आईशी पटलं नाही त्यांना हे वाचून राग येतो. येऊ द्या. मुरारो स्वतःच आपल्या आईशी असलेल्या अवघड नात्यातून सुरुवात करते. फक्त तिच्या ‘आई’ला मातृदेवो भवच्या चौकटीत बसवू नका; तिथे आईला देव्हाऱ्यात बसवून गप्प केलेलं असतं, आणि मुरारोला बोलणारी आई हवी आहे.

पायरी ८: आक्षेप न टाळता वाचा

इथवर आलात की विरोधकांना घरात घ्या. पहिल्या आहेत पादुआच्या मारियारोसा दाल्ला कोस्ता आणि त्यांच्या साथी. १९७२ पासून त्या घरकामाला वेतन मागत होत्या. प्रतीकांपेक्षा त्यांना चूल, पगार आणि कारखाना महत्त्वाचा. मेलांद्री वेगळ्याच वाटेने गेली, मनोविश्लेषण आणि प्रेमाचं स्वप्न यांच्या मागे.

दुसरा आक्षेप १९९६ च्या ‘सोत्तोसोप्रा’वर. त्यात जाहीर केलं की पितृसत्ता संपली, कारण बायकांनी तिच्यावर विश्वास ठेवणं थांबवलंय. हे वाचून आपल्याकडचा वाचक हसेल, आणि इटलीतही अनेकजणी वैतागल्या. त्यांचा अर्थ एवढाच की पितृसत्ता हिंसा करू शकते, पण आता बायकांच्या मनात तिला मान उरला नाही. तरीही दाव्याचा सूर मला फार उंच वाटतो.

तिसरा आक्षेप आजचा. २०१६ मध्ये मुरारोने भाडोत्री मातृत्वाविरुद्ध, म्हणजे सरोगसीविरुद्ध, पुस्तक लिहिलं. त्याच वर्षी ‘नॉन ऊना दी मेनो’ ही नवी चळवळ उभी राहिली, जी स्वतःला ट्रान्सस्त्रीवादी म्हणवते, म्हणजे ट्रान्स माणसांनाही आपल्यात धरते. २०२४ मध्ये इटलीच्या उजव्या सरकारने परदेशात जाऊन केलेलं भाडोत्री मातृत्वही गुन्हा ठरवलं, तेव्हा जुन्या आणि नव्या पिढीतली दरी आणखी उघड झाली. दोनच लिंगांवर सगळा विचार उभा करणं कितपत टिकतं, हा प्रश्न मला रास्त वाटतो, आणि भिन्नतेचं मैदान मोकळं ठेवायचा लोन्झीचा आग्रह इथे तिच्याच वारसदारांना विचारण्यासारखा आहे.

मराठी वाचकाने आणखी एक मजकूर शेजारी ठेवावा: समाजशास्त्रज्ञ शर्मिला रेगे यांचा १९९८ चा निबंध, दलित स्त्रिया वेगळं बोलतात यावरचा. त्यात ‘भिन्नता’ या शब्दाचीच झडती घेतली आहे. मिलानच्या बायका खोलीतली असमानता मान्य करून तिचं नातं करू म्हणाल्या, पण ती असमानता स्वभाव, शिक्षण, धैर्य यांची होती. एकीच्या घरी दुसरी भांडी घासायला येते, आणि ती कोणत्या जातीची हे दोघींना माहीत आहे, अशा खोलीत ‘तिच्याकडे जास्त आहे म्हणून मी भरवसा टाकते’ हे वाक्य कोण कुणाला म्हणणार? आफ्फिदामेन्तो आपल्याकडे उसनं आणण्याआधी या प्रश्नातून जावंच लागेल.

पुस्तकं कुठे मिळतील

लोन्झीच्या निवडक लेखनाचा इंग्रजी संग्रह २०२३ मध्ये कोलकात्याच्या सीगल बुक्सने काढलाय, तो भारतात मिळवायला सोपा. मुरारोच्या पुस्तकाचं इंग्रजी भाषांतर २०१८ मध्ये आलं, आणि त्याच वर्षी दिओतीमातल्या बायकांच्या लेखांचा ‘अनदर मदर’ हा संग्रहही. दुकानाचं पुस्तक आणि पाओला बोनो व सँड्रा केम्प यांनी १९९१ मध्ये संपादित केलेलं संकलन विद्यापीठांच्या ग्रंथालयांत शोधा. संकलनात जाहीरनामे, पत्रकं, छोटे लेख असं सगळं एकत्र आहे, म्हणून गटाने वाचायला ते उत्तम.

गट करायचाच असेल तर लहान ठेवा, पाच-सहा जणी पुरे. एका बैठकीला एकच मजकूर. पहिला अर्धा तास वाचन, मोठ्याने. नंतरच्या बोलण्यात लेखिका बरोबर की चूक हे ठरवायची घाई नको. गटातली एखादी नेहमीच जास्त बोलत असेल तर तिला गप्प करण्याआधी विचारा की तिच्याकडून आपल्याला काय हवंय. पुरुषांनी वाचायला हरकत नाही. लोन्झीच्या खोलीत त्यांना प्रवेश नव्हता, हे मात्र वाचताना त्यांनी ध्यानात ठेवावं.

इतिहासाची आवड असेल तर पुढचं पुस्तक म्हणून मुरारोचं ‘गुलिएल्मा आणि मायफ्रेदा’ घ्या: तेराव्या शतकातल्या मिलानमध्ये एका बाईला पवित्र आत्म्याचा अवतार मानणारा पंथ आणि १३०० मध्ये जाळली गेलेली त्याची प्रमुख, यांची हकिकत. आवाज, गाणं, बोलणं यांत रस असेल तर काव्हारेरोचं २००३ चं आवाजावरचं पुस्तक. आणि मिलानला जाणं झालंच तर जुन्या पुस्तकांत छापलेल्या व्हिया दोगानाच्या पत्त्यावर जाऊ नका. दुकान २००१ पासून व्हिया पिएत्रो काल्वी, २९ इथे आहे.